मोखेथीकाकांचा चेहरा आणि मी

मी खोडरबर बोलतोय. जरा घाईतच बोलतो. एका जागी थांबणं माझ्या स्वभावात नाही, आणि आता घेवड्याच्या दाण्याएवढाच जीव उरलाय.

जोहान्सबर्गमधल्या एका कचेरीत इमारतींचे नकाशे काढायचे. तिथे मी भिंती पुसायचो. खुद्द साहेबाच्या हातातला म्हणून मला भारी तोरा होता. एक दिवस कचेरीची आवराआवर निघाली आणि मी तोऱ्यासकट कचऱ्याच्या डब्यात गेलो.

तिथून मला काढलं मोखेथीकाकांनी. ते मूळचे लेसोथोचे, वय पन्नाशीचं. मंगळवारी दारोदारचे डबे रस्त्यावर येतात, त्यातला कागद आणि बाटल्या निवडून ते गाड्यावर लादतात आणि वजनावर रद्दी विकत घेणाऱ्या अड्ड्यापर्यंत ओढत नेतात. डब्याला ज्याचा हात आधी लागला, डबा त्याचा. पण झाकण परत लावायचं, हा गाडेवाल्यांचा कायदा. काकांना कागद अंगठ्याने कळतो. हा कोरा, हा मेणाचा, हा भिजून वाळलेला, असं ते न बघता सांगतात.

"हे तुझ्या कामाचं दिसतंय," म्हणत त्यांनी मला लिंदेलवाच्या हातावर ठेवलं.

लिंदेलवा चित्रकार. शहर ज्यांच्याकडे बघत नाही, त्यांच्यात जाऊन राहायचं आणि मग त्यांना काढायचं, हा तिचा नाद. आधी कबुतरांच्या शर्यती लावणारे म्हातारे झाले, मग हे गाडेवाले. पहिले दोन महिने तिने पेन्सिलीला हात लावला नाही. स्वतःचा गाडा ओढला, तळहाताला फोड आणले. पहिल्याच उतारावर ती किंचाळली तेव्हा काका मागून म्हणाले, "बाई, ब्रेक पायाने लावतात, तोंडाने नाही." तिला बूड टेकवणं म्हणून माहीत नाही. तिच्या खिशात माझीही दिवसभर फरफट.

एका दुपारी काका पुठ्ठ्यांच्या ढिगावर बसून मगविन्या, म्हणजे पिठाचे तळलेले गोळे, खात होते. लिंदेलवाने त्यांचा चेहरा काढला. मला कुठे हात लावायची गरजच पडली नाही.

पुढे तिच्या चित्रांचं प्रदर्शन ठरलं. तिने चित्र दाखवलं, तर काकांचा घास तोंडातच राहिला.

"माझं तोंड लावू नकोस."

"का हो, काका?"

"आईला सांगितलंय, कागदाच्या कंपनीत ऑफिसात बसतो. असल्या चित्रांचे फोटो फोनवरून फिरतात. गावात कुणीतरी तिला दाखवेलच."

"पण हे शहर तुमच्याकडे बघतच नाही, म्हणून तर मी हे काढते."

"शहराने बघावं म्हणून मी आईसमोर उघडा पडू?"

लिंदेलवा चित्र घेऊन खोलीवर परतली. दोन दिवस ती खोलीत येरझाऱ्या घालत होती. मला उचलायची, ठेवायची, परत उचलायची. शेवटी घासायला लागली. आधी डोळे, मग कपाळ, मग हनुवटी. एवढी भिंतींची पुसापुशी केली, पण असं मेल्याहून मेल्यासारखं कधी झालं नव्हतं.

मंगळवारी तिने तो कागद काकांच्या हातात दिला. सवयीने त्यांचा अंगठा त्यावरून फिरला आणि मध्येच थांबला. त्यांनी कागद उन्हात तिरपा धरला. लिंदेलवा पेन्सिल दाबून चालवते. तिच्या रेघांचे चर कागदात तसेच होते.

"मी अजून आहे की इथे," काका म्हणाले. "खोडलेलं कळतं तर."

मग गाड्याला टेकून त्यांनी आईला फोन लावला. म्हातारीला कमी ऐकू येतं, दोघंही ओरडूनच बोलतात, त्यामुळे सगळं बोलणं मला लिंदेलवाच्या खिशात ऐकू आलं.

"आई, मी ऑफिसात नसतो. गाडा ओढतो. कचऱ्यातला कागद वेचतो."

"ठाऊक आहे. नाताळात आलास तेव्हा तुझे हात हातात घेतले होते ना मी? टेबलाशी बसून असले घट्टे पडतात होय रे? तू सांगशील म्हणून थांबले होते."

काकांनी फोन ठेवला, तोंडावरून बाही फिरवली आणि ते ढिगावर जाऊन बसले.

"काढ परत," ते म्हणाले. "आणि या खेपेला हातही काढ."

त्याच चरांमधून तिची पेन्सिल पुन्हा फिरली.

आता लिंदेलवाने पुन्हा पिशवी भरलीय. कुणाकडे निघालीय, ठाऊक नाही. मी जाईन, जीव आहे तोवर कुठेही जाईन. फक्त त्या कागदाजवळ मला नेऊ नका. माझा काही भरवसा नाही, हाती धरलं की मी पुसतो.