एव्हारिस्तच्या थडग्याला चुना

माझा मुलगा ऑक्ताव्ह ट्राममध्ये मला ओळख दाखवत नाही. मी मागे काळ्यांच्या बाकावर, तो पुढे गोऱ्यांत, वर्तमानपत्र तोंडासमोर धरून. बाप काळ्यांतलाच, पण दिसायला गोरापान; रंग त्याचा उचलला, अक्कल कुणाची उचलली देव जाणे. नोकरी गोऱ्यांच्या पेढीत, बायकोही गोरी. तिला वाटतं नवराही गोराच. मी नुसतं "बाळा" म्हटलं तरी नोकरी जाईल, संसार जाईल, वर गोरीशी लग्न केलं म्हणून तुरुंग. म्हणून मी जीभ आवळून बसते. माझ्यासारख्या तोंडाळ बाईला ते किती जड जातं ते मलाच ठाऊक.

सर्व संतांच्या दिवशी न्यू ऑर्लिन्समधलं घर न् घर आपापल्या घराण्याच्या थडग्याला चुना देतं. यंदा आमच्या थडग्यात एव्हारिस्त नवा, माझा नवरा. जन्मभर त्याने लोकांच्या भिंतींना गिलावा केला. ऑक्ताव्ह बापाच्या दफनालाही आला नव्हता. मी गुडघा धरून बादली उचलत होते, तोच दोन ओळींपलीकडून बाईचा आवाज आला.

"ऑक्ताव्ह, त्या म्हाताऱ्या मावशीला हात दे ना. पडेल बिचारी."

त्याच्या सासरचं थडगं तिथेच निघालं! तो आला. टोपी काढली, नजर बादलीत.

"द्या बाई, मी करतो."

बाई म्हणे! शाळेत जाईपर्यंत याचं नाक मी पुसलंय.

पण कुंचला हातात घेतला आणि हात थेट बापासारखा चालला. आधी आडवा, मग उभा, खाली थेंब नाही. मला राहवेना.

"कोपरे राहिले," मी पुटपुटले.

त्याने मुकाट्याने कोपरे केले. बापाच्या कोरलेल्या नावापाशी हात जरा अडखळला. वाटलं, आता बोलेल काहीतरी.

तेवढ्यात बायको आली. पोटुशी होती. "काय सफाई आहे रे! कुठे शिकलास?"

तो हसला. "लहानपणी आमच्याकडे भिंतींना चुना द्यायला एक गडी यायचा. त्याचं बघून."

गडी! आणि समोर त्या गड्याच्या नावावर चुना ओला.

शब्द ओठांवर आला होता. त्या पोरीच्या पोटाकडे पाहिलं आणि गिळला. कुंचला मात्र त्याच्या हातातून ओढून घेतला.

"साहेब," मी चांगलं मोठ्याने म्हटलं, "बादली ठेवा खाली. या माणसाला चुना घरचीच माणसं देतात. तुम्ही घरचे नाही. निघा."