बेलवेदर आप्पाराव

नेकनूरच्या फाट्यावर फ्लेक्स लागला आणि मनकर्णाच्या नवऱ्याचे पाय जमिनीला लागेनासे झाले. फोटोत फेटा, काळा चष्मा आणि खाली ठळक अक्षरांत 'मेंढपाळांचे बेलवेदर आप्पाराव'.

"म्हंजी काय वो?" मनकर्णानं विचारलं.

"इंग्रजी हाय. ज्याच्या मागं समदे चालतेत त्यो. मोहनरावांनी सोता शोधून काढलंय," मिशीवरून बोट फिरवत आप्पाराव म्हणाले.

मोहनराव गावचे पुढारी. आजवर त्यांनी आप्पारावांना पायरीच्या वर येऊ दिलं नव्हतं. आताच कसा एवढा उमाळा आला, हे मनकर्णाला पक्कं ठाऊक होतं. तीस घरांची मेंढरं ज्या गायरानावर चरत, तिथं मोहनरावांना सोलर उभारायचं होतं. शुक्रवारी ग्रामसभेत संमतीच्या सह्या व्हायच्या होत्या. आप्पारावांनी पहिली सही केली, की बाकीचे डोळे झाकून करणार. मग मेंढरं काय सोलरच्या काचा चाटणार?

लेक योगिता बीडला कॉलेजात होती. आईचा फोन येताच तिनं इंटरनेटवर शब्द शोधला आणि खो खो हसत सुटली.

"आई, लई जुना शब्द हाय. तिकडच्या मेंढपाळांचा. 'वेदर' म्हंजी बडवलेला, खच्ची केलेला मेंढा, 'बेल' म्हंजी घंटा. गळ्यात घंटा बांधून कळपाच्या म्होरं चालवायचा मेंढा, त्यो बेलवेदर."

मनकर्णा हसली नाही. असला मेंढा तिच्या दारात बांधलेला होता, सरदार नावाचा. बाजाराच्या दिवशी खाटकाच्या टेंपोत आधी सरदार चढे. घंटीच्या आवाजामागं बाकीची मुकाट चढत. मग सरदारला तेवढा खाली घेत आणि मूठभर ज्वारी घालत.

तिनं नवऱ्याला हे सांगितलं, तर ते खेकसले, "तुला इंग्रजीतलं काय कळतंय?"

"इंग्रजीतलं न्हाई, पर मेंढरातलं कळतंय की!"

शुक्रवारी मोहनरावांनी आप्पारावांना हार घातला, तोंड फाटेस्तोवर कौतुक केलं आणि हातात पेन दिलं. तेवढ्यात मनकर्णा बायकांतून उठली. पदराखालून सरदारची घंटी काढली आणि तिची चामड्याची वादी नवऱ्याच्या गळ्यात घालून मागं करकचून गाठ मारली.

"बेलवेदर म्हणलंय न्हवं? मग निस्ती फुलंच कावून? घंटी राहिलीच की."

"बाई, हे काय चालवलंय?" मोहनराव ओरडले.

आप्पारावही कमी नव्हते. बायकोकडं डोळे वटारून ते तसेच सहीला वाकले आणि घंटी वाजली.

समोर तीस घरचे मेंढपाळ बसले होते. तो आवाज कशाचा, हे त्यांना सांगावं लागलं नाही. म्हातारे आश्रुबा काठी टेकत उठले.

"आप्पा, आमाला कोणच्या टेंपोत चढवायलास बे?"

पेन कागदावर तसंच थांबलं. एकेक माणूस धोतर झटकून उठला आणि चालू लागला. आप्पाराव गाठ सोडायला गेले, पण मनकर्णाची गाठ ती, सुटते कसली! शेवटी ते तसेच घराकडं निघाले. भर गावातून घंटी वाजत गेली आणि तिच्या मागं एकही माणूस गेला नाही.