चौथा कुकारा

भातसा धरणाच्या पाण्यावरच्या टेकाडावर एकच घर. शेजार म्हणाल तर सागाचा, नाहीतर पलीकडच्या डोंगराचा. फोनला रेंज नाही, तेव्हा लांबच्याला बोलवायचं ते ‘कूऽऽ’ असा कुकारा घालून, आणि ज्याचा त्याचा कुकारा वेगळा. राघो खाचरात असले की त्यांची बायको ताराबाई दोन लांब कुकारे घालायची. मुलगा ओमकारसाठी एक आखूड, एक लांब. ताराबाई स्वतः रानात गेली तर तिच्यासाठी एकच, लांबलचक. ऐकणाऱ्यानं तोच उलट घालायचा.

सून भावनाला मात्र कुकारा नव्हता. वाशिंदहून लग्न होऊन येऊन तिला चार महिने झाले होते. बोलायची नाही कुणाला, पण रोज जेवणवेळी अंगणातून ते आवाज निघाले की तिला वाटायचं, आपण इथं पाहुणीच. उद्या किन्हवलीच्या गाडीनं माहेरी जायचं आणि परत यायचं नाही, हे तिनं मनाशी पक्कं केलं. पिशवीही भरली.

जाता जाता या माणसांना एकदा भारंगीची भाजी करून घालावी म्हणून ती टोपली घेऊन पहिल्यांदाच एकटी रानात गेली.

आणि धुकं आलं. खालच्या पाण्यातून उठलं, झाडं एकेक करून गिळत वर सरकलं. वाट गेली, डोंगर गेला, स्वतःचे पायही पुसट झाले. खरं तर घाबरायला हवं होतं. पण ते इतकं मऊ होतं की ती खडकावर बसूनच राहिली. मी इथंच राहिले तर कुणाच्या लक्षात तरी येईल का? तिचे डोळे भरले.

तेवढ्यात कुकारा आला. तीन आखूड. आवाज ताराबाईचा, पण हा कुकारा कधी न ऐकलेला. सासऱ्यांचा नव्हे, ओमकारचाही नव्हे. पुन्हा तीन आखूड. घरात माणसं तर चारच.

भावना ताडकन उठली. तोंडाशी हात धरले. पहिला कुकारा घशातच अडकला, दुसरा चिरकला, तिसरा मात्र डोंगरापर्यंत गेला.

आवाजाच्या मागावर ती अंगणात पोचली. ताराबाईनं पदरानं तिचं डोकं पुसलं.

"माझा कुकारा कधी ठरवलात, आई?"

"लगीन ठरलं तवाच गो. तू घर सोडून लांब गेलीसच नाय, मंग घालू कुनाला?"

दुसऱ्या दिवशी गाडी गेली. दुपारी पानं वाढून भावना अंगणात आली, तिनं दोन लांब कुकारे घातले, आणि खाचरातून राघोंनी दोन लांब उलट घातले.