ताईचा अंगठा, ताईची तर्जनी

उसवण हा रोग आळशाला होत नाही. धरतो तो राबणाऱ्या हातांनाच. नखाच्या कडेला अंगाच्याच रंगाचा एक धागा सुटतो आणि न दुखता, न खुपता बोट उसवत जातं. सुटलेला धागा तासाभरात वाळून काडी होतो. मग वैद्य येतो, कात्री लावतो, वर गरम मेण ओततो. रोग थांबतो, पण गेलं ते गेलं.

रफूच्या दुकानातल्या ताईचा उजवा अंगठा आणि तर्जनी गेली होती. सुई धरायची बोटं नेमकी तीच, बघा! आता तळव्याची पाळी होती. वैद्य संध्याकाळी येणार होता.

"येऊ दे," ताई म्हणाली. "दुकान झाडायला उरतील तेवढी बोटं पुरे."

तिच्या धाकट्या बहिणीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. जन्मभर लोकांचे फाटके कोट सांधले आणि स्वतःच्या हाताला कात्री?

"चुलीत गेलं ते झाडणं. हात इकडे कर. मी रफू करते."

"कशाने? लोकांनी सूत लावून पाहिलं, रेशीम लावून पाहिलं. टिकलं का?"

लोक शहाणे खरे, पण रफूगार नव्हेत. रफूचा दोरा कुणी बाजारातून आणतं का? तो त्याच कापडाच्या आतल्या दुमडीतून काढतात. तोच रंग, तोच पीळ. ताईच्या अंगाला दुमड नव्हती. पण एका आईच्या पोटच्या दोघी म्हणजे एकाच ताग्यातल्या.

"तोंड तिकडे कर," धाकटी म्हणाली. "तू बघायला लागलीस की चुका काढतेस."

ताईने कुरकुरत तोंड भिंतीकडे केलं. धाकटीने आपल्या डाव्या करंगळीचं नख ताईच्या सुटलेल्या टोकावर घासलं. एकाची उसवण दुसऱ्याला लागते ती अशीच. धागा सुटला, ओला, जिवंत. तो वाळायच्या आत तिने सुईत ओवला. आधी उभे धागे, मग आडवे, एक वर, एक खाली. भीती वाटत होती, भरपूर वाटत होती. पण हात थांबला नाही. अंगठ्याला करंगळी पुरली. तर्जनीसाठी तिने अनामिका उसवू दिली. शेवटचं टोक गाठ न मारता तिने आत दडवलं आणि ताईची उसवण तिथेच थांबली.

वैद्य दारात आला. "कुणाचा हात?"

"माझा," धाकटीने कुजबुजत डावा हात पुढे केला. "दोन बोटं गेलीत. तळव्याला लागायच्या आत कापा."

ताई वळली तोवर मेण ओतून झालं होतं. तिने आपला हात पाहिला, मग धाकटीचा.

"मला विचारलं का नाहीस?"

"नाही म्हणाली असतीस."

"म्हणालेच असते!"

"म्हणूनच."

ताईने उजवा हात उचलला आणि धाकटीच्या गालावर सणसणीत ठेवून दिली. मग त्याच हाताने तिचं डोकं छातीशी धरून ती ढसाढसा रडली. धाकटीचा गाल चांगलाच चुरचुरत होता. तिने तो चाचपून पाहिला. पाचही बोटं उमटली होती.