बाहीतला हात

शिवणकारखान्यातला सगळा खडखडाट खालच्या मजल्यावर. वरच्या खोलीत फक्त हातकाम चालायचं: काठ दुमडून टाके घालायचे, बटणं लावायची, लोंबणारे धागे कापायचे, इस्त्री करून घड्या घालायच्या. या खोलीची एक जुनी रीत होती. एकीने पुस्तक वाचायचं, बाकीच्यांनी काम करता करता ऐकायचं, आणि वाचणारीच्या वाट्याचे कपडे सगळ्यांनी मिळून उरकून टाकायचे. पूर्वी वाचायच्या पाळ्या असत. मास्तरीण आली आणि पाळ्या संपल्या.

मास्तरीण कुठल्या शाळेत शिकवत नव्हती. नाव पडलं ते आवाजामुळे. गोष्टीत राजा आला की तिचा आवाज छाती काढून चालायचा, म्हातारी आली की त्याचे दात पडायचे. नवरा गेल्यापासून घरात तिला दिवसचे दिवस तोंड उघडायला निमित्त मिळत नसे. इथे ती सकाळपासून बोलायची आणि माणसं कान टवकारून ऐकायची. इतकं सुख तिला आयुष्यात कधी लाभलं नव्हतं, आणि ते ती चारचौघांत बोलूनही दाखवायची. लपवण्यासारखी होती ती दुसरीच गोष्ट, पण ती काही लपत नव्हती. तिची शिलाई भयंकर होती. तिचा टाका कापडावरून बेडकासारखा उड्या मारत जायचा. वाचन होतं म्हणून तिची नोकरी होती, हे तिच्यासकट सगळ्यांना माहीत होतं.

अडचण यायची ती पुस्तक निवडताना. थोरल्या जाऊबाईंना देवाधर्माचं हवं. त्यांची धाकटी जाऊ, घरीही त्यांच्या शेजारी आणि इथेही त्यांच्या शेजारी, ती भुतांखेरीज दुसरं काही ऐकायला राजी नसायची. इस्त्रीमामांना इतिहास, आणि इतिहास म्हणजे लढाया. बटणं लावणाऱ्या पोरीचं लग्न ठरलं होतं म्हणून सगळे तिला नवरी म्हणत. तिला कादंबरी लागायची, आणि त्यात निदान एक तरी प्रेमपत्र.

"भुतं ऐकून काय मिळतं गं तुला?" थोरलीने एकदा विचारलं.

"सवय राहते, जाऊबाई," धाकटी म्हणाली. "संध्याकाळी परत घरीच जायचं असतं ना."

तर झालं असं की गेल्या महिन्यात धाकटीची सरशी झाली. पुस्तक होतं एका कोटाचं. जुन्या कपाटात टांगलेला कोट, आत माणूस नाही, आणि रोज त्याच्या बाहीतून एक हात बाहेर यायचा. आधी बोटं, मग मनगट, आणि मग तो हात अंधारात काहीतरी चाचपायला लागायचा. मास्तरणीने ते असं काही वाचलं की थोरलीने पाय वर घेतले. सगळ्यांच्या मांडीवर तेव्हा एका गायनमंडळाचे झगे होते आणि बाह्यांचे काठ शिवणं चाललं होतं. हात जसजसा बाहेर येऊ लागला, तसतसे टाके भराभर पडू लागले.

पुढचा प्रकार कार्यक्रमाच्या दिवशी उघड झाला. गायकांनी झगे डोक्यातून घातले, बाह्यांत हात घातले, आणि एकाचाही हात बाहेर येईना. खोलीतल्या झाडून सगळ्या बायकांनी बाह्यांची तोंडं शिवून टाकली होती. कोणी ठरवून केलं नव्हतं. तो हात बाहेर येऊ नये, एवढंच प्रत्येकीच्या मनात होतं. इस्त्रीमामांनीही त्या बंद तोंडांवरून मोठ्या समाधानाने इस्त्री फिरवली होती.

मालकीणबाई वर आल्या तेव्हा कोणी मान वर केली नाही. त्या याच खोलीत टाके घालत मालकीण झाल्या होत्या. त्यांचा टाका भिंग घेऊन शोधावा इतका बारीक असायचा, आणि कॉलरला खोचलेली सुई त्यांनी आजवर उतरवली नव्हती.

"मंडळाचे पाय धरून आणखी एक संधी मिळवलीय मी," त्या म्हणाल्या. "नवे झगे, येत्या शनिवारी द्यायचे. प्रत्येक बाहीत मी स्वतः हात घालून बघणार. एक बाही, फक्त एक बाही बंद निघाली, की या खोलीतलं वाचन कायमचं बंद. आणि मास्तरीणबाई, मग तुम्हालाही सुई धरावी लागेल."

सुई धरली तर आठवडाभरात आपल्याला घरी बसवतील आणि घरी बसलो तर आपण पुन्हा मुक्या होऊ, हे मास्तरणीला लख्ख दिसलं.

त्या संध्याकाळी ती वाचनालयात कपाटांपुढे बराच वेळ उभी राहिली. आजवर तिने पुस्तकं निवडली ती माणसांचे रुसवेफुगवे सांभाळत. आज तिने पहिल्यांदा हातांचा विचार केला. घोडदौड सुरू झाली की सुया मोडतात. प्रेमपत्र आलं की नवरी एकाच जागी दोन बटणं लावून मोकळी होते. देवाच्या पुस्तकाला टाके पडतात सुरेख, फक्त दुपारी माना पडतात.

"कशा प्रकारचं हवंय?" वाचनालयातल्या बाईंनी विचारलं.

"बाहीचे काठ शिवायला चालेल असं," मास्तरीण म्हणाली.

बाईंनी चष्मा काढून पुसला आणि पुन्हा घातला.

शेवटी तिने एका साध्वीचं चरित्र घेतलं. ती गावोगाव फिरून विहिरी खणून घ्यायची आणि कोणावर कधी आवाज चढवायची नाही. इस्त्रीच्या वेळेसाठी इतिहास घेतला, पण रस्ते बांधणाऱ्या राजाचा. मामांनी नाक मुरडलं. "राजा होऊन हा खडी टाकतोय?" असं ते पहिल्या दिवशी म्हणाले, आणि तिसऱ्या दिवशी आल्या आल्या विचारते झाले, "काय मास्तरीणबाई, घाट उतरला का रस्ता?" नवरीसाठी कादंबरीही होती, पण तिच्या हातात बटणं नसतील तेव्हाच उघडायची. आठवडा झकास गेला. काठ एकसारखे, बाह्यांची तोंडं उघडी, खोलीत पुन्हा हसणं-खिदळणं. धाकटी तेवढी गाल फुगवून बसली होती.

"सगळ्यांचं झालं," ती म्हणायची. "माझा कोट तिकडे कपाटात लोंबतोय."

आणि गंमत म्हणजे जिन्यात थोरलीने मास्तरणीला एकटीला गाठलं. "त्या हाताला नक्की हवं तरी काय होतं हो?" ती कुजबुजली. "इकडे साध्वी विहीर खणतेय आणि माझ्या डोक्यात तो हात. मला पाप लागेल अशाने."

शनिवारी दुपारपर्यंत सगळे काठ शिवून झाले. उरलं होतं फक्त धागे कापणं आणि घड्या घालणं. पण जेवण झालेलं, आठवडाभराचा शीण, आणि साध्वी चौदाव्या विहिरीपाशी. एकेक मान डुलायला लागली. असंच चाललं तर झगे वेळेत जाणार नाहीत, हे मास्तरणीने ओळखलं. ती उठली आणि डबी घेऊन सगळ्यांपुढून फिरली.

"सुया टाका यात. एकही हातात नको."

सुया जमा झाल्या. हातात सुई नसेल तर बाही शिवली जाणार कशी, असा तिचा सरळ हिशेब होता. तिने पिशवीतून कोटाचं पुस्तक काढलं. धाकटीने थोरलीचा दंड घट्ट धरला.

मग काय विचारता. कात्र्या सपासप चालू लागल्या, घड्यांवर घड्या चढल्या. हात मनगटापर्यंत आला होता, कोपरापर्यंत आला, कपाटाच्या दाराची कडी आतून हलली. तेवढ्यात मालकीणबाई वर आल्या. मास्तरीण अडखळली.

"चालू द्या," त्या म्हणाल्या. खाली गेलेल्या काही झग्यांचा काठ त्यांना सैल वाटला, म्हणून ते झगे घेऊन त्या वर आल्या होत्या. थोरलीच्या शेजारी बसून त्यांनी कॉलरची सुई काढली. त्यांना डबी दाखवायची कोणाची प्राज्ञा? आणि मास्तरीण तर तोवर त्या कपाटात शिरली होती. दार करकरत उघडलं, आणि धडा संपला.

मालकीणबाईंनी तपासणी सुरू केली. बाहीत हात घालायचा, पलीकडून बोटं बाहेर आली की झगा बाजूला. बोटं येत गेली, ढीग वाढत गेला. शेवटी राहिला तो त्यांच्या स्वतःच्या मांडीवरचा झगा. पहिल्या बाहीतून हात आला. दुसऱ्या बाहीत कोपरापर्यंत गेला आणि थांबला. कापडाच्या आत बोटं हलताना दिसत होती, वाट चाचपत होती. बाहेर काही येत नव्हतं.

एक बाही, मास्तरणीच्या मनात आलं. झालं, संपलं सगळं.

मालकीणबाईंनी बाही उलटी करून डोळ्यांशी धरली. काठाचं तोंड पक्कं शिवलेलं होतं. टाका एकसारखा, भिंग घेऊन शोधावा इतका बारीक. त्यांनी सुयांच्या डबीकडे पाहिलं. मग आपल्या कॉलरकडे. त्यांचे कान हळूहळू लाल झाले. धाकटीने तोंड झग्यात खुपसलं आणि तिचे खांदे गदगदा हलू लागले. मामांनी भिंतीकडे तोंड फिरवून थंड इस्त्री चालवायला घेतली.

मालकीणबाईंनी चष्मा लावला, ब्लेड घेतलं आणि पहिला टाका तोडला.

"उसवायला वेळ लागणार आहे," त्या मान वर न करता म्हणाल्या. "तोवर वाचा, मास्तरीणबाई. दार उघडलं होतं, तिथून."