पालथा पाव

फिलोमेनाचं चीजचं दुकान हा नॉर्थ एंड या जुन्या इटालियन वस्तीतल्या आमच्या खाद्यफेरीचा शेवटचा थांबा. खरं तर ती कुठल्याच गाइडला आत घेत नसे. मलाही तिनं आजच्यापुरतं, तेही माझ्या आईच्या जुन्या ओळखीवर, येऊ दिलं होतं. आज बिनसलं, तर कंपनी मला काढणार होती.

बारा पाहुण्यांपुढे मी उभा राहिलो. पाठ केलेला गल्लीचा इतिहास आठवेना. चिठ्ठी काढायला म्हणून मी पाहुण्यांसाठी आणलेला हातातला पाव काउंटरवर ठेवला, तो नेमका पालथा.

फिलोमेनाची सुरी थांबली.

"काय रे प्रोफेसर, पाव पालथा? उद्या माझ्या नवऱ्याचं ऑपरेशन आहे आणि तू माझ्या दुकानात मरण मांडतोस? चला, सगळे बाहेर!"

पाहुणे दाराकडे सरकले. मी पाव उचलला, सरळ केला आणि नकळत त्याचा मुका घेतला.

तिनं सुरी खाली ठेवली.

"हे कुठल्या पुस्तकात वाचलंस?"

"आई करायची. पाव पालथा पडला, की अपशकुन टळावा म्हणून."

"कार्मेला? हो, करायची खरी." तिनं सुरी पुन्हा उचलली. "ए पाहुण्यांनो, आत या! आणि प्रोफेसर, तू गप्प बस. गल्लीचं मी सांगते."