फोटोपुरतं पुस्तक

संगमेश्वर सरांनी मोबाइल वर धरला आणि तनुजा वाचता वाचता थांबली. पुस्तक छातीशी उभं धरून गोड हसली.

"हसू नको माय, वाच," सर म्हणाले.

"फोटो निघू द्या की सर. मग वाचते."

सरांचा हात खाली आला. नायगावजवळच्या त्या शाळेत ते दुसरीला शिकवत. तनुजा परवापासून कुठं अक्षराला अक्षर जोडू लागली होती. अख्खी ओळ मात्र तिची एकदाही पुरी झाली नव्हती. दर वेळी मधेच मोबाइल वाजे आणि वरून फर्मान येई. हात धुतानाचा फोटो पाठवा, खिचडीचा पाठवा, झाडाला पाणी घालतानाचा पाठवा. आज वाचनाचा हवा होता, तोही ताबडतोब.

सकाळी तर हद्दच झाली होती. डाव्या तळहातावर इष्टलिंग घेऊन ते पूजेला बसले होते. लिंगावरची नजर हलू द्यायची नाही, ही वडिलांची शिकवण. पण मोबाइल वाजला आणि बेल वाहायला उचललेला उजवा हात परस्पर तिकडं वळला. बायकोनं, नागम्मानं, ते पाहिलं.

"देवाचाबी फोटू मागायलेत का?" एवढंच ती म्हणाली.

तेव्हा ते शरमले होते. आता मात्र त्यांच्या अंगाची आग झाली. लेकरांना वाचायला शिकवायचं, की वाचल्याचं सोंग करायला?

हातातला मोबाइल पुन्हा वाजला. केंद्रप्रमुख होते. सगळ्या शाळांचे फोटो आले, तुमचाच तेवढा राहिला, म्हणाले.

"लेकरू वाचायलंय, साहेब. ओळ होऊ द्या तिची."

"वाचंल हो ते नंतर. आधी फोटो टाका."

सरांनी कॉल कट केला. कोपऱ्यातल्या खिचडीच्या तांदळाच्या पिंपाचं झाकण उघडलं, मोबाइल कोपरापर्यंत हात घालून तांदळात खुपसला आणि झाकण दाबून बसवलं. पोरं फिदीफिदी हसली. सर तनुजासमोर मांडी घालून बसले.

"हं. ठेव बोट."

पिंपात घुरघुर सुरू झाली. तनुजानं मान वळवली. सरांची वळली नाही. पूजेला बसल्यासारखा डावा तळहात समोर उताणा, नजर तिच्या बोटावर.

बोट सरकलं, अडलं, मागं आलं, पुन्हा सरकलं. पिंप घुरघुरून थकलं. ओळ संपली.

तनुजानं पुस्तक छातीशी उभं धरलं आणि सरांच्या त्या हाताकडं बघून हसली.

हात रिकामा होता.

ती जराशी गोंधळली. मग पुस्तक मांडीवर उतरवलं आणि दुसऱ्या ओळीवर बोट टेकवलं.